मन्मथअप्पांचा कोरम

मन्मथअप्पा गुळवे यांच्या घरी चहा पिण्याआधी तो मंजूर व्हावा लागे. आपण जाऊन ओट्यावर टेकलो, दोन शब्द झाले, की अप्पा छताकडे बघत विचारायचे, "चहाची सूचना आलेली हाय. सूचक कोन?" नवखा माणूस गोंधळून जायचा. सरावलेला मुकाट्यानं हात वर करायचा. "अनुमोदक?" हा दुसरा प्रश्न. त्याला आतून महानंदाकाकूंचा, म्हणजे त्यांच्या बायकोचा, आवाज यायचा, "मघाच ठेवलाय. बसा गप." मग अप्पा समाधानानं मान हलवायचे आणि म्हणायचे, "एकमतानं मंजूर."

पहिल्यांदा हे पाहिलं तेव्हा माणूस थट्टेखोर दिसतो असं समजून मी मोठ्यानं हसलो. अप्पा हसले नाहीत. माझं हसू ओसरेपर्यंत थांबले आणि म्हणाले, "हसा की. पर हसून झाल्यावर बघत जावा, ह्ये हसू कुनाचं हाय ते." मला वाटलं, म्हातारा काहीतरी बोलायचं म्हणून बोलला. सेलूत मी तेव्हा नुकतंच औषधाचं दुकान टाकलं होतं. आमच्याकडे गोळ्या विकणाऱ्यालाही लोक डॉक्टर म्हणतात, आणि तो बिचारा नाही म्हणत नाही. अप्पांनी मला शेवटपर्यंत 'डाक्टर'च म्हटलं.

अप्पा जिनिंग, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या गिरण्यांतल्या, कामगारांच्या लाल बावट्याच्या संघटनेचे सचिव होते. कापूस बाजाराच्या मागे पत्र्याची एक खोली, तीत टेबल, पाच खुर्च्या आणि एक लोखंडी पेटी, एवढा सगळा संघटनेचा पसारा. घर मात्र शिवभक्त लिंगायतांचं. भाऊ मानवतला भुसार व्यापारात, तेही चांगला जम बसलेले. सदऱ्याच्या आत गळ्यात इष्टलिंग आणि सदऱ्याच्या खिशाला लाल बिल्ला, असे अप्पा गावातून हिंडायचे. कुणी छेडलंच तर म्हणायचे, "चळवळ भाईर हाय, महादेव आत हाय. मधी कापड हाय. भांडन व्हायचं कारन काय?"

एके काळी या माणसाच्या एका शब्दावर जिनिंग बंद पडायच्या, हे मी ऐकून होतो. मी पाहिले ते अप्पा उतरत्या काळातले. यंत्रं नवी आली, माणसं कमी झाली, तरणी पोरं पुण्याकडे गेली. सभासद जसजसे घटले तसतसे संघटनेचे नियम वाढत गेले. काही सुटू नये म्हणून माणूस मूठ आवळतो, तसं ते असावं. समितीत पाच जण होते आणि तिघं जमल्याशिवाय कोरम, म्हणजे बैठकीची गणसंख्या, पुरी व्हायची नाही. खोलीला कुलूप नवं घ्यायचं तरी ठराव. तो तालुक्याचा झाला की परभणीला जिल्हा समितीकडे मान्यतेला जाणार. तिकडून "वर विचारतो" असं उत्तर येणार. कुलूप येईपर्यंत खोली दोरीनं बांधलेली असायची. अप्पा हे सगळं इतकं मनापासून करायचे की मला त्यांची कीव यायची आणि करमणूकही व्हायची.

अशा माणसानं एक दिवस दुकानात येऊन सांगितलं, "डाक्टर, मी नाटक लिवलंय. तुमाला काम करायचंय."

कॉलेजात मी नाटकांतून कामं केली होती आणि ही गोष्ट गावात कुणी विसरू नये याची काळजीही घेतली होती. तेव्हा मी लगेच होकार दिला. नाटकाचं नाव 'कोरम'. मी वाचलं आणि थक्क झालो. एका संघटनेच्या कचेरीत बैठक भरली आहे. विषय एकच, दिवंगत सदस्याला श्रद्धांजली. पण कोरम भरत नाही, कारण जो मेलाय त्याला धरूनच तो भरणार आहे. तेव्हा मेलेल्यालाच खुर्चीत आणून बसवतात आणि त्याची हजेरी लावतात. आता तो हजर आहे म्हटल्यावर त्याला श्रद्धांजली वाहायची कशी? सचिव त्याचं मत विचारतो. तो गप्प. गप्प म्हणजे संमती, असं लिहून घेतात. मग शंका येते, गप्प म्हणजे तटस्थ तर नव्हे? मग आणखी मोठी शंका, गप्प म्हणजे विरोध! त्याला खुलासा मागतात. तो खुलासा देत नाही. शेवटी शिस्तभंगाबद्दल त्याला काढून टाकतात. काढल्याबरोबर कोरम मोडतो आणि बैठक पुन्हा पहिल्यापासून सुरू.

शेवट तर कहर होता. बैठक संपवायलाही ठराव लागतो आणि ठरावाला कोरम लागतो. म्हणून पडदा पडतच नाही. सगळे जण खुर्च्यांत निश्चल बसून राहतात. त्यांतला मेलेला कोण आणि जिवंत कोण हे प्रेक्षकांना ओळखू येऊ नये, अशी सूचना अप्पांनी कंसात लिहिली होती.

"अप्पा, हे तुम्ही लिहिलं?" मी न राहवून विचारलं.

"लिवलं कुठं?" अप्पा म्हणाले. "इतिवृत्त हाय ह्ये. थोडं साफ केलं फक्त."

तालमी त्या पत्र्याच्या खोलीतच झाल्या. सचिवाची भूमिका मला. संघटनेतले दोन जुने कामगार बाकीच्या खुर्च्यांवर. मेलेल्याचं काम अप्पांनी स्वतःकडे घेतलं. म्हणाले, "माझं पाठांतर होत न्हाई आता. मढ्याला वाक्यं नसतेत, त्ये जमंल." मी सुचवलं की मढं आडवं दाखवू, म्हणजे परिणाम होईल. त्यावर अप्पा शांतपणे म्हणाले, "आमच्यात मेलेल्या मानसाला बसवून पुरतेत, डाक्टर. बैठकीला सोयीचं पडतं." आम्ही पोट धरून हसलो.

सचिवाचं काम त्यांनी माझ्याकडून फार कसोशीनं बसवून घेतलं. हनुवटी किती वर, चष्म्यावरून कसं बघायचं, 'नियमात बसत नाही' हे वाक्य म्हणताना आवाज कसा मऊ करायचा. "रागानं न्हाई म्हनू नका. मायेनं म्हना. त्येनं मानूस जास्त मरतो." आणि एक लकब. बोलताना सचिवाचा हात सारखा खिशात जातो आणि किल्ली वाजते. माझ्या घरच्या किल्ल्यांचा जुडगा मी आणला तर तो चालेना. अप्पांनी खोलीतल्या लोखंडी पेटीची किल्ली आणि तिच्या जोडीचा पितळी छल्ला मला दिला. "ह्येचाच आवाज पायजे." दिग्दर्शक हटवादी असतात हे मला ठाऊक होतं, म्हणून मी वाद घातला नाही.

परभणीला एकांकिका स्पर्धेत आमचा प्रयोग झाला. नाट्यगृह डोक्यावर घेतलं लोकांनी. मी किल्ली वाजवली की हशा. मी मेलेल्याला वाकून विचारलं, "सदस्य महोदय, आपण मयत आहात हे आपल्याला मान्य आहे का?" त्यावर तर टाळ्या थांबेनात. इतका हशा मला आयुष्यात कधी मिळाला नव्हता. एकच गोष्ट खटकली. वाकलो तेव्हा दिसलं, की खुर्चीतल्या मढ्याच्या डोळ्यांतून पाणी ओघळतंय. प्रयोग झाल्यावर मी तक्रार केलीच. "अप्पा, मेलेला माणूस रडत नसतो."

"तसा ठराव झालेला न्हाई अजून," अप्पा म्हणाले आणि तोंड धुवायला निघून गेले.

अभिनयाचं पहिलं बक्षीस मला मिळालं. रंगपटात अभिनंदनाला सगळ्यांत आधी कोण यावं, तर सेलूतल्या एका मोठ्या जिनिंगचे मालक. पहिल्या रांगेत बसून तेच सगळ्यांत मोठ्यानं हसत होते. अप्पांचे हात हातात घेऊन ते म्हणाले, "अप्पा, आम्ही जन्मभर जे सांगत होतो, ते तुम्ही एका नाटकात पटवून दिलंत बघा. गावोगाव प्रयोग करा याचे. टेम्पो माझा, जेवण माझं." अप्पांनी हात सोडवून घेतले नाहीत. नुसते उभे राहिले. त्यांचा चेहरा असा झाला होता, की बक्षिसाची ढाल मी पाठीमागे लपवली.

संध्याकाळच्या गाडीनं आम्ही सेलूला परतलो. बाकीचे डब्यात नाटकातलीच वाक्यं म्हणून एकमेकांना हसवत होते. अप्पा खिडकीशी बसले होते. मानवत रोड मागे पडल्यावर त्यांनी मला विचारलं, "आज हसले त्ये हसू कुनाचं व्हतं, डाक्टर?" मी म्हणालो, "प्रेक्षकांचं." त्यांनी मान हलवली. "मालकाचं व्हतं. मी लिवलं एकासाठी, आन् हसून गेला दुसराच. मला लाज वाटायलीय." कुणासाठी लिहिलं होतं, हे मी विचारलं नाही. माझ्या डोक्यात टाळ्या वाजत होत्या.

मालकांनी मोबाइलवर प्रयोगाचं चित्रण केलं होतं. ते त्यांनी सगळीकडे पाठवलं, वर 'लाल बावट्याची कहाणी, त्यांच्याच तोंडून' असं लिहून. व्हायचं ते झालं. जिल्हा समितीनं चौकशी नेमली. परभणीहून जिल्हा सचिव आणि आणखी एक सदस्य आले. पत्र्याच्या खोलीत त्याच टेबलाशी, त्याच खुर्च्यांवर बसले. आम्हा नटांनाही बोलावलं होतं. जिल्हा सचिवांनी बसल्या बसल्या जाहीर केलं, की चौकशी समिती तिघांची आहे, तिसरे सदस्य आजारी आहेत, त्यामुळे आजची चौकशी अनौपचारिक समजावी. माझ्या शेजारच्या नटानं तोंडात रुमाल कोंबला. मलाही हसू फुटत होतं. अप्पांनी आमच्याकडे अशा नजरेनं पाहिलं, की ते घशातच विरलं.

"नाटकातली संघटना कोणती?" जिल्हा सचिवांनी विचारलं.

"आपलीच."

"म्हणजे संघटनेची बदनामी केलीत, हे तुम्हाला मान्य आहे?"

"संघटनेची न्हाई केली. माझी केली," अप्पा म्हणाले. "तुमाला नामदेव आठवतो का?"

जिल्हा सचिवांना आठवेना. मलाही नाव ठाऊक नव्हतं. तेव्हा अप्पांनी जे सांगितलं, ते मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं. नामदेव जिनिंगमधला हमाल, समितीचा जुना सदस्य, संपात अप्पांच्या बरोबरीनं लाठ्या खाल्लेला. संघटनेत रीत अशी, की सभासद गेला की त्याच्या अंगावर लाल झेंडा घालायचा. पण मागे एकदा संप फोडणाऱ्या एका मुकादमाच्या घरच्यांनी तो झेंडा नेऊन त्याच्या तिरडीवर घातला होता. तेव्हापासून अप्पांनी नियमच करून टाकला, समितीच्या ठरावाशिवाय झेंडा पेटीबाहेर काढायचा नाही. नामदेव भर दुपारी गेला. समितीतले दोघं परगावी होते. गावात उरले अप्पा आणि एक जण. कोरमला तिसरा हवा होता आणि तिसरा नामदेवच होता.

"त्याच्या बायकोनं, गयाबाईनं, दिराला दोनदा पाठवलं. झेंडा द्या म्हनून," अप्पा सांगत होते. "मी मायेनं सांगितलं, नियमात बसत न्हाई. परभणीला फोन लावला. तुमच्या आधी व्हते त्ये सायेब म्हनले, वर विचारून कळवतो. मी हितंच, ह्या खुर्चीवर, फोनची वाट बघत बसलो. ऊन उतरलं, तवा नामदेवला उचललं. अंगावर घरातली चादर व्हती. मढं ह्याच रस्त्यानं गेलं. मी दारातून बघितलं. पेटी माझ्या पायापाशी आन् किल्ली माझ्या खिशात. हात खिशात जायचा, किल्ली हाताला लागायची, हात परत यायचा. फोन तिसऱ्या रोजी आला. म्हनले, हरकत न्हाई."

त्या किल्लीचा आवाज काढून मी परभणीचं नाट्यगृह हसवलं होतं. अप्पा मला सचिवाची हनुवटी, चष्मा, तो मऊ आवाज शिकवत होते, तेव्हा स्वतःचीच नक्कल शिकवत होते. नामदेवच्या खुर्चीत बसून त्यांना माझ्या तोंडून स्वतःचा आवाज ऐकायचा होता. आणि मी त्या आवाजावर बक्षीस घेतलं. ढाल दुकानात औषधांच्या कपाटावर ठेवली होती. दुकानात परतल्यावर ती काढून माळ्यावर टाकली, तरी शरम काही माळ्यावर टाकता येईना.

जिल्हा सचिव वाईट माणूस नव्हते. त्यांनी चष्मा पुसला, खाकरले आणि म्हणाले, "अप्पा, हे दुःखद आहे. पण व्यक्तिगत चूक नाटकात संघटनेची म्हणून दाखवता येणार नाही. तसा खुलासा लेखी द्या."

"व्यक्ती कुठं व्हती तिथं?" अप्पा म्हणाले. "व्यक्ती असती तर पेटी उघडली असती की."

त्यानंतर अप्पांनी एकच हट्ट धरला. नाटक पोखर्णीला करायचं. गयाबाई नवऱ्यामागे लेकीकडे पोखर्णीला राहायला गेली होती. अप्पा तिला त्यानंतर भेटलेच नव्हते. एकदा नरसिंहाच्या दर्शनाचं निमित्त करून गेले, देवळातून परत आले. दोन गल्ल्या ओलांडून तिच्या दारात जायची हिंमत झाली नाही. "तोंड घेऊन कसं जाऊ? नाटक घेऊन जातो," असं ते म्हणायचे. आम्ही मालकांचा टेम्पो नाकारला, भाड्याचा केला. खुर्च्या चढवल्या आणि एका रविवारी सकाळी पोखर्णीला गेलो. महानंदाकाकू स्वतः जाऊन गयाबाईला घेऊन आल्या.

शाळेच्या पटांगणात लिंबाखाली प्रयोग झाला. समोर शेतकरी मंडळी, बायका, म्हातारे. परभणीला जिथं जिथं हशा पिकला होता, तिथं इथं शांतता. खुलासा मागतात तिथं एक म्हातारा तेवढा हसला आणि शेजाऱ्याला म्हणाला, "आमच्या सोसायटीत असंच करतेत." गयाबाई पुढंच बसली होती. काळी, उंच, डोक्यावरून पदर घेतलेली बाई. मी पहिल्यांदा किल्ली वाजवली तेव्हा तिनं माझ्या खिशाकडे बघितलं, मग खुर्चीतल्या अप्पांकडे. त्यानंतर तिची नजर अप्पांवरून हलली नाही. मला माझी वाक्यं जड होत गेली. त्या बाईच्या समोर, तिच्या मेलेल्या नवऱ्याला, 'आपण मयत आहात हे मान्य आहे का' असं विचारायचं होतं. विचारलं मी.

शेवट आला. आम्ही सगळे निश्चल. पडदा नाही, टाळ्या नाहीत. लोकही बसूनच. किती वेळ कोण जाणे. मग गयाबाई उठली, खुर्चीपाशी आली आणि म्हणाली, "उठा अप्पा. झालं."

अप्पा उठले. मी त्यांचा दंड धरला. ते हात जोडून म्हणाले, "वैनी, ह्ये नामदेवचं व्हतं. माझ्या हातून लय मोठा गुन्हा झाला. म्हनून लिवलं."

"कळलं मला," गयाबाई म्हणाली. आवाजात राग नव्हता. "पर आमचे ह्ये असे गप बसनारे नव्हते अप्पा. तुमाला ठावं हाय. भांडले असते त्ये. तुमी सगळ्याला बोलाया दिलं, त्या डाक्टरला तर लयच दिलं. ह्येंनाच तेवढं एक वाक्य दिलं न्हाई."

एवढं बोलून ती काकूंना घेऊन घरी गेली आणि आम्हा सगळ्यांसाठी जेवण पाठवलं. ज्वारीची भाकरी, वांग्याची भाजी, ठेचा.

परतताना टेम्पोत अप्पांनी माझ्याकडून किल्ली आणि छल्ला मागून घेतला. नाटक बंद झालं. आम्हाला वाटलं, दुखावले म्हणून बंद केलं. तसं नव्हतं. ते नामदेवचं वाक्य शोधत होते. दुकानात येऊन काउंटरला टेकून उभे राहायचे आणि म्हणायचे, "डाक्टर, त्यो काय म्हनला असता?" मी काही सुचवलं तर ऐकून घ्यायचे. "ह्ये तुमी म्हनायलात. त्यो न्हाई." स्वतः लिहायचे आणि फाडायचे. "जे लिवतो त्ये माझ्याच आवाजात येतंय. त्याचं बोलनं मी कधी नीट ऐकलंच न्हाई वाटतं. बैठकीत त्यो बोलाया लागला की मी विषय पुढं घ्यायचो." हे सांगताना माझ्याकडे बघत नसत. समोरच्या बाटल्यांकडे बघत असत.

घरातला चहाही बदलला. आता तो मंजुरीविना यायचा. मी एकदा जुनी मजा म्हणून हात वर केला आणि म्हणालो, "सूचक मी." अप्पांनी माझा हात हळूच खाली केला. "प्या नुसता," म्हणाले. महानंदाकाकू दाराआड पदर डोळ्यांना लावून उभ्या होत्या. त्या एका सूचनेपायी मला त्या घरात पुन्हा मान वर करून बसवेना.

अप्पा या हिवाळ्यात गेले. झोपेत गेले. काकूंना त्यांनी आधीच सांगून ठेवलं होतं, आणि माझ्यासमोर सांगितलं होतं, "माझ्या अंगावर झेंडा घालू नका. नामदेवला न्हाई, तर मला बी न्हाई."

त्यांच्या रिवाजाप्रमाणे अप्पांना आंघोळ घालून, कपाळाला विभूती लावून बसवलं होतं. मांडीवर हात, हातात इष्टलिंग. ओट्यावर फुलांनी सजवलेलं विमान, म्हणजे बसवून न्यायची पालखी, तयार होतं. स्वामी मंत्र म्हणत होते. तेवढ्यात परभणीहून गाडी आली. जिल्हा सचिव उतरले, बरोबर कॅमेरेवाला, आणि हातात घडी केलेला नवाकोरा लाल झेंडा. त्यांनी मला बाजूला घेऊन समाधानानं सांगितलं, "व्हॉट्सॲपवर ठराव टाकला. अर्ध्या तासात सगळ्यांनी अंगठे दिले. आता कोरमची अडचण नाही राहिली, नियम बदललेत." मग पुढं होऊन त्यांनी झेंडा अप्पांच्या खांद्यांवरून पांघरला. काकू हळूच म्हणाल्या, "ते नको म्हनले व्हते." जिल्हा सचिव अत्यंत मायेनं म्हणाले, "काकू, ठराव झालाय." कॅमेरा वाजला.

मी तिथंच होतो. मलाही माहीत होतं, अप्पा नको म्हणाले होते. कर्ते पुरुष, भाऊबंद, संघटनेचे लोक, सगळे भोवती खुर्च्या घेऊन बसलेले आणि मधे अप्पा, गप्प. नाटकाचा शेवट जसाच्या तसा. कुणीतरी बोलायला हवं होतं आणि मी वाट बघत होतो, की दुसरं कुणी बोलेल.

गयाबाई पोखर्णीहून लेकीबरोबर एसटीनं आली. तिनं अप्पांना हात जोडले. झेंडा पाहिला आणि काकूंकडे वळून बघितलं. काकूंनी रडत नाही म्हणून मान हलवली, आणि बाकीचं त्या मान हलवण्यातच तिला कळलं. ती पुढं झाली. अप्पांच्या खांद्यांवरून तिनं झेंडा उचलला, सावकाश, फुलं पडू न देता.

"बाई, अहो, ठराव झालाय," जिल्हा सचिव उठून उभे राहिले.

"त्ये न्हाई म्हनले व्हते ना?" गयाबाई म्हणाली. "मग मेलेल्या मानसाचं बी ऐकावं की येकदा."

जिल्हा सचिव खाली बसले. गयाबाईनं झेंड्याची घडी घातली. इकडंतिकडं बघितलं. तो कुणाकडे द्यावा याचा विचार करत असावी. मग तिला मी दिसलो, ओळखीचा. ती माझ्यापाशी आली. टोमणा नव्हता, तिचा चेहरा अगदी साधा होता, आणि म्हणूनच मला तिथून पळून जावंसं वाटलं.

"घ्या डाक्टर," ती म्हणाली. "नाटकाला लागंल तुमाला."

मी तो घेतला. काहीतरी बोलायला हवं होतं, निदान 'नको' तरी. तोंडातून शब्द फुटला नाही. नाटकात त्याच जागी, मेलेल्याच्या खुर्चीशेजारी उभा राहून, मी सव्वा पान बोलत असे.